ब्लड-हॉर्स : घोड्यांच्या वंशावळी छापणाऱ्या नियतकालिकाची गोष्ट

(ध्वनिमुद्रणावरून केलेलं शब्दांकन. बोलण्याचा ओघ शक्यतो तसाच ठेवला आहे.)

आजचा विषय जाहीर झाल्यावर दोन-तीन जणांचे फोन आले. सर, तुम्ही आणि घोड्यांच्या शर्यती? आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवलं आणि आता हे काय! तर आधी खुलासा करतो. मी एकदाही रेसकोर्सवर पैसे लावलेले नाहीत. माझे मामा मात्र लावायचे. पुण्यात हंगाम असला की शनिवार-रविवार ते घरी सापडत नसत. त्यांच्याकडे एक वही होती. कुठल्या शर्यतीत कोणता घोडा आला, त्याचा बाप कोण, आई कोण, हे सगळं पेन्सिलीनं लिहिलेलं. मामा गेल्यावर ती वही मी नीट पाहिली. अक्षर सुरेख, नोंदी तारीखवार. पण मामा जिथे हरले, त्यातली एकही शर्यत तिच्यात नव्हती. ही वही लक्षात ठेवा, तिच्याकडे परत यायचं आहे.

आज ज्या नियतकालिकाबद्दल बोलणार आहे त्याचं नाव 'ब्लड-हॉर्स'. अमेरिकेतल्या केंटकी राज्यातल्या लेक्सिंग्टन गावातून निघतं. शर्यतीच्या घोड्यांची पैदास करणाऱ्यांचं हे धंद्याचं पत्र. साखर कारखानदारांचं, छापखानेवाल्यांचं आपापलं पत्र असतं ना, तसंच हे. सुरुवात १९१६ सालची. म्हणजे शंभराच्या वर वय झालं. धंद्याची पत्रकं सहसा इतकी जगत नाहीत. हे का जगलं, आणि जगताना कुणाचं सांगितलं आणि कुणाचं नाही, हा आपला विषय.

नावापासून सुरुवात करू. 'ब्लड' म्हणजे इथे रक्त नव्हे, कुळ. 'खानदानी घोडा' म्हटलं तर अर्थ बरोबर पोचेल. शर्यतीत धावणाऱ्या या जातीला थरोब्रेड म्हणतात. आता तत्त्वज्ञानाच्या माणसाला इथे पहिला प्रश्न पडतो : थरोब्रेड म्हणजे काय? उंची, रंग, पायांची लांबी यांवरून व्याख्या करता येते का? नाही येत. थरोब्रेड म्हणजे ज्याच्या आईबापांची नावं एका विशिष्ट पुस्तकात आहेत तो घोडा. बस. व्याख्या प्राण्याच्या शरीरात नाही, कागदावर आहे.

हे पुस्तक इंग्लंडमधलं. जॉन चेनी नावाच्या गृहस्थानं १७२७ मध्ये शर्यतींच्या निकालांची वार्षिक यादी छापायला सुरुवात केली. १७७३ मध्ये जेम्स वेदरबी यांनी 'रेसिंग कॅलेंडर' काढलं, आणि १७९१ मध्ये त्याच घराण्यातून 'जनरल स्टड बुक'चा पहिला खर्डा बाहेर पडला. घोड्यांची वंशावळ. आज जगातला प्रत्येक थरोब्रेड पुरुषबाजूनं तीन घोड्यांपर्यंत नेऊन सोडतात : बायर्ली टर्क, डार्ली अरेबियन आणि गोडॉल्फिन अरेबियन. तिघेही पूर्वेकडून आणलेले.

आपल्याकडे नाशिकला, त्र्यंबकेश्वरला गेलात तर तीर्थोपाध्याय वही काढतात आणि तुमच्या खापरपणजोबांचं नाव वाचून दाखवतात. तसंच हे. फरक इतकाच की तिथल्या वहीत नाव नसलं तर तुमचं माणूसपण जात नाही. घोड्याचं मात्र थरोब्रेडपण जातं.

गंमत म्हणजे आपल्या भीमथडीच्या घोड्यांचं असं पुस्तक कुणी ठेवलं नाही. मराठ्यांच्या फौजा ज्यांच्या पाठीवर फिरल्या त्या घोड्यांची स्वतंत्र जात म्हणून सरकारदरबारी नोंद झाली ती अगदी अलीकडे. घोडे होते, कर्तबगारी होती, वही नव्हती. असो.

अमेरिकेत वही ठेवायचं काम नियतकालिकांनी सुरू केलं, हे महत्त्वाचं आहे. बाल्टिमोरला जॉन स्टुअर्ट स्किनर नावाचे पोस्टमास्तर होते. हे तेच स्किनर, जे १८१४ मध्ये फोर्ट मॅकहेन्रीवर इंग्रजांचा भडिमार चालू असताना फ्रान्सिस स्कॉट की यांच्याबरोबर होते. त्या रात्रीनंतर की यांनी जे गीत लिहिलं ते पुढे अमेरिकेचं राष्ट्रगीत झालं. तर या स्किनरनी १८२९ मध्ये 'अमेरिकन टर्फ रजिस्टर' हे मासिक काढलं. मागचा हेतू साधा : घोड्यांच्या वंशावळी लोकांच्या डोक्यात आणि घरच्या चिठ्ठ्याचपाट्यांत आहेत, त्या हरवायच्या आत छापून ठेवाव्यात. पुढे १८७५ मध्ये लेक्सिंग्टनलाच बेंजामिन ब्रूस यांनी 'केंटकी लाइव्ह स्टॉक रेकॉर्ड' काढलं. त्यांचेच भाऊ सँडर्स ब्रूस यांनी 'अमेरिकन स्टड बुक' तयार केलं. एक भाऊ वंशावळ लिहितो, दुसरा वर्तमानपत्र काढतो. कोण कुणाला बातमी पुरवत होतं हे वेगळं सांगायला नको.

आता १९१६ का, हे समजायला थोडं मागे जावं लागेल. १९०८ मध्ये न्यूयॉर्क राज्यानं हार्ट-ॲग्न्यू कायदा करून शर्यतींवरच्या सट्ट्यावर घाला घातला. सट्टा नाही तर शर्यत नाही. १९११ आणि १९१२ ही दोन वर्षं न्यूयॉर्कमध्ये शर्यती बंदच होत्या. घोड्यांचे भाव कोसळले. मालकांनी घोडे विकायला इंग्लंड-फ्रान्सला पाठवले. इंग्लंडच्या पैदासदारांना धसका बसला, हे अमेरिकन घोडे आपला बाजार मारणार. मग १९१३ मध्ये स्टड बुकात एक नियम आला. लॉर्ड जर्सी यांच्या नावावरून त्याला 'जर्सी ॲक्ट' म्हणतात, पण तो संसदेचा कायदा वगैरे नव्हता, पुस्तकाचा नियम होता. काय नियम? ज्या घोड्याच्या आईबापांकडच्या सगळ्या शाखा आधीच पुस्तकात असलेल्या घोड्यांपर्यंत विनाखंड पोचतात, त्यालाच प्रवेश.

अमेरिकेतल्या अनेक जुन्या घराण्यांत एखादा दुवा तुटलेला होता. त्यात सगळ्यात मोठं नाव 'लेक्सिंग्टन' या घोड्याचं. १८५० चा जन्म, पुढे आंधळा झाला, आणि पैदाशीचा घोडा म्हणून सोळा वेळा अमेरिकेत पहिला आला. त्याचं रक्त नसलेला चांगला अमेरिकन घोडा शोधावा लागे. म्हणजे एका नियमानं एका देशाचे घोडे रातोरात 'अर्ध्या जातीचे' ठरले. घोडे तेच, धाव तीच. बदलली ती फक्त व्याख्या.

आपल्या मंडळींना हे वेगळं समजावून सांगायची गरज नाही. सोवळ्यात कोण आणि ओवळ्यात कोण हे ज्याच्या हातात वही असते तो ठरवतो. मी घोड्यांबद्दल बोलतोय, माणसांचं तुम्ही घरी जाऊन बघा.

या सगळ्या पडझडीनंतर लेक्सिंग्टनच्या पैदासदारांनी 'थरोब्रेड हॉर्स असोसिएशन' ही संघटना केली आणि तिचं मासिक पत्रक म्हणून १९१६ मध्ये 'ब्लड-हॉर्स' निघालं. कुठली बिलं विधिमंडळात येतायत, कुणाकडे कोणता घोडा पैदाशीला उभा आहे, लिलावात काय भाव आला, असा मजकूर. १९२९ मध्ये ते साप्ताहिक झालं, टॉमस क्रॉमवेल यांच्या हाताखाली. मुहूर्त बघा. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये वॉल स्ट्रीट कोसळलं. पण मंदीनंच शर्यतींना वाचवलं. राज्य सरकारांच्या तिजोऱ्या रिकाम्या झाल्या, तेव्हा त्यांना आठवलं की सट्ट्यावर कर बसवता येतो. एकामागून एक राज्यांनी टोटलायझरवरचा सट्टा कायदेशीर केला, नवी रेसकोर्सं उभी राहिली. कॅलिफोर्नियातलं सांता अनिता १९३४ च्या नाताळात सुरू झालं. १९३५ मध्ये 'अमेरिकन थरोब्रेड ब्रीडर्स असोसिएशन'नं हे साप्ताहिक विकत घेतलं. म्हणजे घोडे विकणाऱ्यांचीच संघटना पत्राची मालक. हे लक्षात ठेवा.

आता मला जिथे रमायचं आहे तिथे आपण आलो. जो एस्टिस. हे दीर्घकाळ 'ब्लड-हॉर्स'चे संपादक होते, साठच्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत. पैदाशीच्या धंद्यात तेव्हा सिद्धांतांचा सुळसुळाट होता. अमुक कुळाची घोडी तमुक कुळाच्या घोड्याला दिली की विजेता होतो. चौथ्या पिढीत एकच नाव दोनदा आलं की वेग येतो. मातृकुळांना नंबर देऊन त्यावरून भाकितं. आपल्याकडे पत्रिका जुळवताना छत्तीस गुण बघतात, त्याच थाटाचा कारभार. आणि प्रत्येक सिद्धांताकडे पुरावा होताच. हा बघा डर्बी जिंकलेला घोडा, आणि ही बघा त्याची वंशावळ!

एस्टिस यांचा प्रश्न एवढाच होता : हीच वंशावळ असलेले, पण डर्बी न जिंकलेले घोडे किती?

माझ्या मते एवढ्या एका प्रश्नात तर्कशास्त्राचं एक सत्र शिकवून होतं. आता मामांची वही आठवा.

हे सोपं करून सांगतो. दहावीचा निकाल लागला की क्लासवाल्यांचे फलक लागतात. 'आमचे चाळीस विद्यार्थी नव्वद टक्क्यांच्या वर.' छान. पण क्लासमध्ये होते किती? चाळीसातले चाळीस की बाराशेतले चाळीस? फलकावर तो आकडा कधीच नसतो. पैदाशीच्या घोड्यांच्या जाहिरातीही तशाच. आमच्या घोड्याची शिंगरं इतक्या लाख डॉलरची कमाई करून गेली! अहो, पण शिंगरं किती होती? शंभर घोड्या ज्याला दिल्या त्याच्या खात्यावर एकूण कमाई जास्त दिसणारच.

म्हणून १९४८ मध्ये एस्टिस यांनी एक निर्देशांक मांडला, 'ॲव्हरेज अर्निंग्ज इंडेक्स'. कल्पना अशी. एका वर्षात धावलेल्या सगळ्या घोड्यांची सरासरी कमाई काढायची. तिला म्हणायचं एक. मग एखाद्या पैदाशीच्या घोड्याची जी जी शिंगरं त्या वर्षी धावली, जिंकलेली आणि हरलेली दोन्ही, त्या सगळ्यांची सरासरी काढायची आणि पहिलीशी तुलना करायची. दोन आला म्हणजे त्याची संतती सरासरीच्या दुप्पट कमावते. अर्धा आला म्हणजे निम्मं. बक्षिसांच्या रकमा दर वर्षी वाढतात, पण तुलना त्या-त्या वर्षातच होत असल्यामुळे १९२५ चा घोडा आणि १९६५ चा घोडा शेजारी ठेवता येतो. किती साधं आहे बघा. पाचवीतल्या मुलाला जमेल असा भागाकार.

पण कुणी चतुर माणूस विचारेल, आणि विचारावंच, की अहो, मुळात हुशार मुलंच त्या क्लासला जात असतील तर? बरोबर. नावाजलेल्या घोड्याला उत्तमातल्या उत्तम घोड्या मिळतात. मग श्रेय बापाचं की आईचं? त्यासाठी आणखी एक आकडा वापरतात, 'कम्पेरेबल इंडेक्स'. त्याच घोड्यांना, म्हणजे माद्यांना, इतर नरांपासून झालेली जी शिंगरं आहेत त्यांनी कसं केलं ते मोजायचं. समजा एका नराचा आकडा दोन आहे, पण त्याच माद्यांच्या इतर शिंगरांचा अडीच आहे. म्हणजे साहेबांनी माद्यांचं नुकसानच केलं! उलट दीड आणि एक असेल तर हा नर खरोखर काही देतोय. क्लासची परीक्षा अशीच घ्यायला हवी : त्याच घरची दुसरी मुलं, दुसऱ्या क्लासला गेलेली, त्यांचं काय झालं?

हे करून एस्टिस यांच्या हाती जो निष्कर्ष आला तो धंद्यातल्या पंडितांना फारसा रुचणारा नव्हता. पैदाशीला कोणता घोडा निवडावा? जो स्वतः चांगला धावला तो. घोडी कोणती? जी स्वतः चांगली धावली ती. गुंतागुंतीच्या वंशावळ-सिद्धांतांनी यात भर पडते म्हणावं तर आकडे साथ देत नाहीत.

आता गंमत, किंवा पेच म्हणा. 'ब्लड-हॉर्स'चं पोट कशावर? पैदाशीच्या घोड्यांच्या जाहिरातींवर. पुढे तर दर वर्षी 'स्टॅलियन रजिस्टर' नावाचा जाडजूड ग्रंथच निघू लागला, नुसत्या उभ्या असलेल्या घोड्यांचा. म्हणजे एका पानावर जाहिरातीत झुपकेदार शेपटीचा देखणा घोडा, आणि त्याच प्रकाशनाच्या तक्त्यात त्याच्या नावापुढे ०.८. हे मला फार मोठं वाटतं. जाहिरातदाराचा भागाकार छापणं. हा आकडा इतका रुळला की आज जाहिरातदार स्वतःच तो जाहिरातीत घालतात. अर्थात, चांगला असेल तरच.

(मागून प्रश्न : मालकांचं पत्र असून असं कसं चाललं?)

चांगला प्रश्न आहे. माझं उत्तर असं की पैदासदार हा विकणाराही असतो आणि घेणाराही. घोडी त्याची, पण नर दुसऱ्याचा, त्याचं शुल्क याला भरायचं. आपला माल विकताना त्याला खोटं चालतं, दुसऱ्याचा घेताना खरंच लागतं. एकाच माणसाच्या दोन गरजा. त्यामुळे खऱ्या आकड्यांना गिऱ्हाईक होतं. पण फार आदर्श चित्र रंगवू नका. मालकांच्या पत्राला मालकांच्या गैरकारभाराचा माग काढणं अवघडच जातं. त्यांची लबाडी असावीच लागते असं नाही. कुठला प्रश्न विचारायचा हेच सुचत नाही. कोण जिंकलं हे पहिल्या पानावर येतं. धावताना कुणाचा पाय मोडला, त्याला कोणतं औषध टोचलं होतं, हे धंद्याच्या पत्राला जमेल तेवढ्या उशिरा पाहावंसं वाटतं. ते कुठल्याही धंद्याचं असो.

जर्सी ॲक्टचं पुढे काय झालं ते राहिलंच. नियमाला पहिला दणका लगेच बसला. १९१४ मध्येच दरबार दुसरा हा फ्रान्सहून आलेला, पुस्तकाच्या हिशेबानं अर्ध्या जातीचा घोडा इंग्लंडची डर्बी जिंकून गेला. तरीही नियम पस्तीस वर्षं टिकला. १९४८ मध्ये माय बाबू आणि ब्लॅक टार्क्विन हे दोन 'अर्ध्या जातीचे' घोडे अनुक्रमे टू थाउजंड गिनीज आणि सेंट लेजर जिंकले, तेव्हा कुठे १९४९ मध्ये नियम मागे घेतला गेला. आणि ज्या पुस्तकाच्या शुद्धतेसाठी हे सगळं झालं त्याच्या जुन्या नोंदी तरी बरोबर होत्या का? डब्लिनच्या संशोधकांनी २००२ मध्ये मातृकुळांचा डीएनए तपासला, तर काही कुळांत पुस्तक एक सांगतं आणि रक्त दुसरंच सांगतं असं आढळलं. कुणीतरी दोनशे वर्षांपूर्वी चुकीचं लिहिलं, आणि सगळ्यांनी ते सोवळ्यानं उतरवून घेतलं.

आता एक वेगळी गोष्ट. 'मॅन ओ' वॉर' हा घोडा. १९१७ चा जन्म. त्याचे मूळ मालक ऑगस्ट बेलमाँट महायुद्धात सैन्यात गेले, म्हणून १९१८ मध्ये साराटोगाच्या लिलावात पाच हजार डॉलरना विकला गेला. एकवीस शर्यती धावला, वीस जिंकला. जी एक हरला ती 'अपसेट' नावाच्या घोड्याकडून. १९९९ मध्ये 'ब्लड-हॉर्स'नं जाणकारांकडून विसाव्या शतकातले शंभर श्रेष्ठ अमेरिकन घोडे निवडून घेतले. पहिला हाच, दुसरा सेक्रेटेरियट. आणि मजा बघा, याच्या वंशावळीत लेक्सिंग्टन होता. म्हणजे इंग्रजी पुस्तकाच्या लेखी शतकातला सर्वश्रेष्ठ घोडा हा अर्ध्या जातीचा!

या घोड्याच्या म्हातारपणी त्याचे मोतद्दार होते विल हार्बट. कृष्णवर्णीय गृहस्थ. घोडा बघायला देशभरातून माणसं यायची आणि हार्बट त्यांना त्याची कहाणी सांगायचे. लोक जितके घोड्याला बघायला येत तितकेच यांना ऐकायला. ऑक्टोबर १९४७ मध्ये हार्बट वारले. 'ब्लड-हॉर्स'नं त्यांच्या निधनाची बातमी छापली. शेवटी असतं ना, त्यांच्यामागे कोण कोण आहे, तसं लिहिलं : पत्नी, सहा मुलगे, तीन मुली आणि मॅन ओ' वॉर. महिन्याच्या आत, १ नोव्हेंबरला, घोडाही गेला.

हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला गलबलून आलं. आजही येतं. पण नंतर मनात दुसरं काही यायला लागलं. घोड्याच्या चौदा पिढ्या छापल्या जातात. जे त्याला खाऊ घालतात, चालवतात, रात्री त्याच्या तबेल्यापाशी झोपतात, त्यांची नावं किती वेळा छापली गेली? १८७५ च्या पहिल्या केंटकी डर्बीत पंधरा जॉकी होते, त्यांतले तेरा कृष्णवर्णीय. जिंकणारे ऑलिव्हर लुईसही. आयझॅक मर्फी यांनी तीन डर्बी जिंकल्या, १८८४, १८९० आणि १८९१ साली. आणि पुढे त्यांचं थडगं कुठे आहे हे लोक विसरून गेले. शोधून काढावं लागलं. विसाव्या शतकाच्या पहिल्या दशकांत कृष्णवर्णीय जॉकींना शर्यतीतून बाहेर काढलं गेलं. ते तबेल्यात उरले, मोतद्दार म्हणून. 'ब्लड-हॉर्स' सुरू झालं ते नेमकं यानंतर. त्यामुळे त्याच्या जुन्या अंकांत ही माणसं दिसतात ती बहुधा छायाचित्रात, घोड्याचा लगाम धरून उभी. खाली ओळीत घोड्याचं नाव. हार्बट यांची बातमी म्हणूनच उठून दिसते. एका मोतद्दाराला तिथे घर मिळालं, कुटुंब मिळालं, आणि घोडा त्या कुटुंबात आला. एरवी उलट असतं, माणूस घोड्याच्या माहितीत येतो.

वेळ कमी आहे, उरलेलं भरभर सांगतो. १९६१ पासून पत्र 'थरोब्रेड ओनर्स अँड ब्रीडर्स असोसिएशन'कडे होतं. ऐंशीच्या दशकात धंद्याला अरबांच्या आणि आयर्लंडच्या पैशाचं उधाण आलं. १९८५ मध्ये कीनलंडच्या लिलावात वर्षाचं एक शिंगरू १ कोटी ३१ लाख डॉलरना गेलं. सिॲटल डान्सर त्याचं नाव. १९८६ मध्ये उत्तर अमेरिकेत ५१ हजारांवर शिंगरं नोंदली गेली. आता आकडा २० हजारांच्याही खाली आहे. शिंगरं कमी म्हणजे पैदाशीचे नर कमी, नर कमी म्हणजे जाहिराती कमी. प्रतिस्पर्धी 'थरोब्रेड टाइम्स' २०१२ मध्ये बंद पडलं. 'ब्लड-हॉर्स'ची बहुतांश मालकी २०१५ मध्ये जॉकी क्लबकडे गेली, आणि रोजच्या बातम्या फोनवर आल्यावर छापील अंक साप्ताहिकाचा मासिक झाला. म्हणजे १९१६ मध्ये होता तिथे परत.

यात मला एक गोष्ट खटकते. 'अमेरिकन स्टड बुक' ठेवणारा जॉकी क्लबच. वही त्यांची आणि वहीवर लिहिणारं पत्रही त्यांचं. ब्रूस बंधूंच्या घरात जे होतं तेच आता एका संस्थेत. संपादक स्वतंत्र असतील, मी शंका घेत नाही. पण एस्टिस यांचा प्रश्न, 'बाकीचे किती', हा वहीच्या मालकाला विचारायचा झाला तर तो आता कोण विचारणार?

(प्रश्न : सर, आपल्याकडे असं काही आहे का?)

आहे ना. भारतीय थरोब्रेडांची वही पुण्यातच ठेवली जाते, 'स्टड बुक अथॉरिटी ऑफ इंडिया'. तुमच्यापैकी कुणी त्या रस्त्यानं रोज जातही असेल. आता तिथेही शिंगराचे आईबाप डीएनए बघून ठरवतात, नुसत्या शब्दावर नाही. बाकी पुण्याच्या घोड्यांनी आणखी एक काम केलंय. शर्यतीतून निवृत्त झालेले घोडे सर्पदंशावरची, धनुर्वातावरची लस करायला दिले जायचे. घोड्याच्या रक्तातल्या द्रवापासून ती करतात. पूनावाला कुटुंबाचे घोडे हाफकिनला जात, आणि त्यातूनच १९६६ मध्ये सीरम इन्स्टिट्यूट उभी राहिली. तिथे घोड्याचं रक्त म्हणजे खरोखरचं रक्त, कुळ नव्हे. मघाशी मी लस म्हटलं, खरं तर ती प्रतिविषं. डॉक्टर मंडळी समोर बसलीयत, माफ करा.

मामांची वही माझ्याकडेच आहे. कुणाला बघायची असेल तर पुढच्या गुरुवारी घेऊन येतो.